सयाजीचा पावा

तुम्ही माळावरची भोकं बुजवलीत असं तुमचा कागद म्हणतो. खोटं आहे. तुम्ही आक्काताईचा सयाजी दुसऱ्यांदा मारलात, आणि दोन्ही वेळा त्याच्या आईला रडू दिलं नाहीत. खुर्ची कितीही उंच असू द्या, हे तुम्हाला ऐकावंच लागेल.

आटपाडीच्या वरच्या अंगाला घुमरेवाडी. पाऊस दरिद्री, वारा मात्र उदंड. गावामागं काळ्या कातळाचा सपाट माळ, आणि त्या कातळाला चाळणीसारखी भोकं. काही बोटाएवढी, काहीत मनगट जाईल. वारा सुटला की अख्खा माळ वाजतो. कुठं जात्यावरची बाई हुंकार भरते तसा, कुठं लांबवर म्हैस हंबरते तसा. एका भोकाचा सूर दुसऱ्याला नाही.

भोकाला गाव पावा म्हणतं. बारशादिवशी बाप लेकराला माळावर नेतो आणि एक मोकळा पावा त्याच्या नावाचा करतो. माणूस गेलं की घरचं कुणीतरी ओढ्याची ओली माती त्या पाव्यात भरतं. तेराव्याला, ज्यानं भरली त्यानंच ती बोटांनी उकरून काढायची. वारा आत शिरतो, पहिला हुंकार येतो आणि तेव्हा कुठं घर गळा काढून रडतं. त्याआधी नाही. "सुटला" म्हणतात. मग तो पावा पुढच्या लेकराला.

सयाजी गलाईच्या धंद्यात होता. इकडची निम्मी पोरं परमुलखात जाऊन सोनं-चांदी आटवतात, तसा तोही उत्तरेत. रोगाच्या साली त्याला दम लागला. मालकानं दवाखान्याच्या दारात सोडला आणि फोन बंद झाला. दवाखाना म्हणाला, असा माणूस आलाच नाही. पोलीस म्हणाले, चौकशी चालू आहे. ती अजून चालूच आहे. तुमच्या सरकारनं ना राख दिली, ना दाखला.

गाव म्हणालं, माती भर.

"ज्याला मेलेला कुणी बगितला न्हाई, त्याच्या तोंडात माती घालू?" आक्काताई कडाडली. "मी आई हाय का वैरीण?"

ती रोज सकाळी माळावर जायची. काठीला चिंधी गुंडाळून सयाजीचा पावा आतून पुसायची. धूळ नको, कोळ्याचं जाळं नको. वर्षं गेली. पाव्याचा सूर हळूहळू जाड होत गेला. आक्काताईला वाटलं, लेकाचं वय वाढतंय, तिकडं अंग धरलंय त्यानं.

मेंढरं चारणारा यल्लाप्पा चेष्टा करायचा. "आक्के, तुजं पोरगं लय जाड बोलाय लागलंय. परमुलखात तूप चापतंय वाटतं."

"चापू दे की. तुज्या बापाचं चापतंय व्हय?"

तेवढ्यावर तिचा दिवस जायचा.

पण घरात सून होती, दीपमाला. तिला कुंकू लावलं तरी बाया हसायच्या, नाही लावलं तरी कुजबुजायच्या. यंदा रहिमतपूरचं एक स्थळ तिच्या भावानं आणलं. बायको वारलेला, भला माणूस. दीपमाला भाकरी थापताथापता, सासूकडं न बघता म्हणाली, "आत्या, मी कोण हाय? बायकू का रांड? कायतरी एक सांगा. मग जा म्हणा न्हायतर ऱ्हा म्हणा."

"त्यो बोलतोय अजून. तूच ऐक की, आवाज कसा भरलाय."

दीपमालाचा हात थांबला. "आत्या, त्यो मोठा झाला म्हणून आवाज न्हाई बदलला. तुमच्या चिंधीनं भोक झिजलंय."

तव्यावरची भाकरी करपली. दोघींनीही उलथली नाही.

त्यानंतर आक्काताई माळावर गेलीच नाही. भिंतीकडं तोंड करून पडून राहिली. जिवाला समजावत होती. मग एका सकाळी उठली, पाटी-विळा घेतला आणि म्हणाली, "चल पोरी, वड्याची माती आणू. मी भरती. तेराव्याला मीच काढती. रडून घिऊ दोगी. मग तू तुज्या वाटंनं जा."

एवढं म्हणायला त्या बाईला किती बळ लागलं असेल, ते तुम्ही कुठल्या रकान्यात लिहिता?

ती घरात पडून होती, त्याच दिवसांत तुमची मिक्सरची गाडी माळावर चढली. तुम्हाला तिथं पर्यटनस्थळ काढायचंय. पाहुण्यांचे पाय अडकू नयेत म्हणून भोकं बुजवली. वर खांबाला कर्णा बांधला, त्यातून टेपात भरून आणलेली बासरी वाजते. त्या घरात हे सांगायला गावाची जीभ रेटली नाही. ज्या माळाला वारा पुरत होता, त्याला तुम्ही कर्णा दिलात!

आक्काताई मातीची पाटी घेऊन सयाजीच्या जागेवर आली. जागा होती. पावा नव्हता. करडा, गुळगुळीत सिमेंटचा डाग. ती खाली बसली. आधी नखांनी, मग विळ्यानं उकरू लागली. विळ्याचं टोक मोडलं. बोटांतनं रक्त आलं. दीपमाला तिचे हात धरायची, ती हिसडून पुन्हा उकरायची. यल्लाप्पा मेंढरं सोडून धावत आला.

ठेकेदाराचा मुकादम आला. "मावशी, पक्का माल हाय. मशिनीबिगर निगायचा न्हाई. आन् मशीन लावली तर कातळच फुटंल."

"मग तेराव्याला मी काय काडू?"

"कुणाचा तेरावा?"

"माज्या लेकाचा."

मुकादमानं टोपी काढली. "मला म्हाईत नव्हतं, मावशी. वरनं हुकूम आला, आमी भरलं."

दीपमाला बाजूला पडलेली मातीची पाटी उचलून उभी राहिली. माती वाळून तडकायला लागली होती. रडावं तर पावा उघडलेला नाही, थांबावं तर तो आता उघडायचाच नाही. रहिमतपूरला जायचं तरी कुणाची कोण म्हणून?

आक्काताई रक्ताळलेल्या हातांवर भार देऊन उठली.

"वर म्हंजी कोण?" तिनं विचारलं. "नाव सांग. त्याला हितं आण. माज्या पोराला इचारून भरलंसा, का मला? आता ह्यो पावा उगडनार कोण? बोल की! कोण उगडनार?"