किटलीला लागलेली गोळी

मित्रांनो, मी एक जुनी किटली आहे. माझ्या पोटाला आरपार भोक आहे आणि त्या भोकामुळेच मला संग्रहालयातल्या काचेच्या कपाटात मानाची जागा मिळाली आहे. धड किटलीला इथे कोण विचारतो?

मी घडले कारखान्यात, पण संसार केला सीमेवरच्या एका चौकीत. रस्ता संपल्यावरही तिथे पोहोचायला दिवसभर चढावं लागे. चौकी म्हणजे दगडी भिंतींची एक खोली, एक शेगडी आणि घरच्या आठवणी काढणारे मूठभर शिपाई. तिथल्या स्वयंपाक्याला सगळे मामा म्हणत. मामाची जीभ तिखट, पण हात मायेचा. मला आतून लख्ख घासताना तो माझ्याशी गप्पा मारी. ऐकून घेणारं दुसरं होतं कोण?

मामाचा एक नियम होता. शिपाई गस्तीला निघाले की मी शेगडीवर चढायचे आणि शेवटचा माणूस परत येईपर्यंत उतरायचे नाही. तोवर चहा कडू जहर होई. एकदा बर्फात एक शिपाई वाट चुकला. दुसरा दिवस कलला तरी मामा माझ्यात पाणी ओततच राहिला. अन्नाला मात्र त्याने हात लावला नाही. शिपाई दारात आला तेव्हा मामा आधी त्याच्यावर खेकसला आणि मग त्याचे गारठलेले पाय मांडीवर घेऊन चोळत बसला. त्या दिवशी माझाही जीव भांड्यात पडला.

पुढे मामा निवृत्त झाला, चौकी दुसरीकडे हलली आणि रिकाम्या खोलीत सिनेमावाले आले. शांत चौकी त्यांच्या काय कामाची? त्यांनी धूर केला, स्फोट केले आणि जाड खिळा ठोकून मला भोक पाडलं. सिनेमा गाजला. मी इथे आले आणि माझ्यापुढे पाटी लागली, ‘शत्रूची गोळी झेललेली किटली’. लोक राईचा पर्वत करतात म्हणे. इथे तर राईसुद्धा नव्हती.

परवा मामा नातीला घेऊन आला. चांगलाच वाकला होता, पण मी त्याला लगेच ओळखलं. नातीने वर्गात सगळ्यांना सांगून ठेवलं होतं, की आजोबा सिनेमातल्या त्या लढाईत होते.

“आजोबा, गोळी लागली तेव्हा तुम्ही कुठे होता?” तिने विचारलं.

मामाने काचेजवळ वाकून भोक नीट पाहिलं. हो म्हटलं असतं, तर तो नातीचा शूरवीर ठरला असता. खरं सांगितलं, तर नुसता चहा करणारा.

“गोळी नाही गं, खिळा ठोकलाय. आमच्याकडे लढाई झालीच नाही.”

तिचा चेहरा उतरला. “म्हणजे तिथे काहीच झालं नाही?”

“झालं की. गेलेला प्रत्येक जण परत आला.”

मग त्याने तिला आपला नियम सांगितला. ती बराच वेळ मला न्याहाळत राहिली. शेवटी तिने रखवालदाराकडे जाऊन पाटी बदलायला सांगितली. तो हसून म्हणाला, की मग ही साधी किटली बघायला येणार कोण?

“मी येईन,” ती म्हणाली.

मित्रांनो, जमलं तर तुम्हीही या. भोकाकडे पाहू नका, माझ्या बुडाकडे पाहा. माणसांची वाट पाहता पाहता ते काळं झालं आहे.