गडूच्या तोंडची गंगा

मित्रांनो, जरा लांबूनच ऐका. माझ्या तोंडाला वास येतो. चिंच लावून घासलं, राखेनं घासलं, उन्हात पालथं घातलं, तरी तो जात नाही. बाहेरून मी असा झळझळीत दिसतो की लोक मला हातात धरून फोटो काढतात. आत मात्र कुणी नाक घालत नाही. घातलं तर फोटो काढायचे नाहीत.

मी एक जुना तांब्याचा गडू आहे. परभणीहून एसटीत बसलात तर तासाभरात याल, अशा एका गावात गोदावरीच्या काठी राहतो. तिला गोदावरी फक्त पुस्तकात म्हणतात. आमच्याकडे बोलताना ती गंगाच. नवी नवरी आली की तिला गंगा दाखवायची, लेकरू झालं की त्याला गंगा दाखवायची, आणि माणूस गेलं की त्यालाही गंगेवरच न्यायचं. अशा गंगेबद्दल मी आता जे सांगणार आहे ते सांगताना मला बरं वाटत नाही. पण पोटातलं बाहेर पडल्याशिवाय भांडं स्वच्छ होत नसतं.

माझा जन्म घाटाजवळच्या तांबटगल्लीतला. भुजंग तांबटानं मला घडवलं. माझ्या अंगावर जे बारीक बारीक खळगे दिसतात ते त्याच्या हातोडीचे. भांडं तयार झालं की तो ते धुवून त्यात पाणी भरायचा आणि पहिला घोट स्वतः घ्यायचा. ज्यातलं आपल्याला प्यावंसं वाटत नाही ते दुसऱ्याच्या घरी कशाला द्यायचं, असं त्याचं म्हणणं होतं. माझ्यातलाही पहिला घोट त्यानंच घेतला. ते थंड पाणी, त्याच्या मिशीचे ओले केस आणि त्याचं समाधानानं हुंकारणं मला अजून आठवतं.

पुढे सरजाबाईच्या रुखवतात मी याच गल्लीतल्या शेवटच्या घरात गेलो. त्या घराचं दार घाटाकडे उघडतं. सरजाबाई नदीचं पाणी कधी वरच्यावर भरत नसे. ती वाळूत हातानं खड्डा करायची. आम्ही त्याला झरा म्हणतो. आधी गढूळ पाणी यायचं, ते ती उपसून फेकायची. मग दम धरून बसायची. वाळूच्या पोटातून निवळशंख पाणी पाझरलं की वाटीवाटीनं मला भरायची, तेही लुगड्याचं फडकं तोंडाला बांधून. बाजाराला निघालेली माणसं मुद्दाम तिच्या ओट्यावर टेकायची आणि पाणी मागायची. पिऊन झालं की गडू खाली ठेवताना म्हणायची, “गोड हाय बाई पाणी.” कौतुक पाण्याचं व्हायचं, पण मला वाटायचं माझंच झालं.

मग घरात नळ आला. नळामागून स्टीलची भांडी आली, त्यांच्यामागून पाण्याचे जार आले. मला माळ्यावर टाकलं. मी काळा पडलो, कडेला हिरवा झालो. एका पालीनं माझ्यात अंडी घातली. तेव्हा मला वाटलं होतं, याहून घाण काही आपल्या तोंडात जायची नाही. मला काय ठाऊक होतं.

सरजाबाई गेल्यावर तिच्या नातवानं मला खाली काढलं. त्याचं नाव आदिनाथ. परभणीला कॉलेजात इतिहास शिकला, नोकरी काही लागली नाही, म्हणून त्यानं गावातच एक उद्योग काढला. दर रविवारी नांदेडहून, परभणीहून, कधी थेट पुण्याहून माणसं बोलवायची आणि त्यांना गंगाकाठच्या गल्ल्यांतून पायी फिरवायचं. कानाला माइक, गळ्यात शबनम आणि हातात मी. जुनी वेस, निजामाच्या काळातला नाका, कोरीव चौकटीची दारं, तांबटगल्ली. तांबटगल्लीत आता एकही तांबट नाही, मोबाइलची दुकानं आहेत. तरी आदिनाथ मला बोटानं टिचकी मारायचा आणि म्हणायचा, हा आवाज ऐका, एकेकाळी ही सगळी गल्ली असाच आवाज करायची. लोक माना डोलवायचे. पोरगा गोड बोलतो, यात शंका नाही. त्याचा जीव आहे या काठावर. म्हणूनच तो एक गोष्ट करायचा.

गल्लीतून घाटाकडे उतरताना उजव्या हाताला नाला लागतो. सगळ्या गावाची न्हाणी, संडास, खाटकाचं धुणं, दवाखान्यामागचा कचरा घेऊन तो नदीत उतरतो. त्याच्या काठाला डुकरं लोळतात. बांधून फेकलेले लेकरांचे डायपर फुगून वर आलेले असतात, आणि त्यांच्यातच कुणाच्या तरी देवघरातली फुलं प्लास्टिकच्या पिशवीत सडत असतात. नेमका तो वळसा आला की आदिनाथ आवाज चढवून म्हणायचा, “आता डावीकडे बघा.” डावीकडे एक झिजलेला वीरगळ आहे. अख्खी मंडळी डावीकडे बघत, नाकाला रुमाल लावत खाली उतरायची. रुमालाचं कुणी बोलायचं नाही. पाहुणी माणसं, बोलणार कसं?

खाली घाटावर गेलं की फेरीचा शेवट. आदिनाथ पायरीवर वाकायचा आणि मला पाण्यात बुडवायचा.

मित्रांनो, ते पाणी तोंडात शिरतं ना, तेव्हा पाणी शिरल्यासारखं वाटतच नाही. कोमट आणि जाड काहीतरी आत सरकतं. त्याला साबणाचा फेस असतो, तेलाची साय असते, आणि घाटावर डोकं भादरलेल्यांचे केस असतात. मी भांडं आहे, मला गिळता येत नाही आणि ओकताही येत नाही. कुणी ओतेपर्यंत तोंडात धरून बसावं लागतं. आदिनाथ एकेकाच्या तळहातावर मला तिरपा करायचा आणि म्हणायचा, गंगेचं तीर्थ घ्या. काही जण ते डोक्याला लावून मोकळे व्हायचे. काही जण ओठाला टेकवल्याचं दाखवून पॅन्टला हात पुसायचे. एखादं भाबडं माणूस खरंच प्यायचं. आणि आदिनाथ? त्यानं माझ्यातला एक घोटही कधी घेतला नाही. त्याची सीलबंद बाटली शबनममध्ये असायची. मला तेव्हा दर वेळी भुजंग तांबटाची मिशी आठवायची.

एका रविवारी, फाल्गुनातल्या उन्हात, फेरीला ताडकळसकडची एक सासू-सून आली. सासू रुख्मिणीबाई, सून राजेश्री आणि तिच्या कडेवर आठ महिन्यांचा हरिओम. वेशीजवळ चहाला थांबले तेव्हा राजेश्रीनं शेजारच्या बाईंना सगळं सांगितलं. दिवाळीनंतर पोराला जुलाब लागले, परभणीच्या दवाखान्यात ठेवावं लागलं, शीर सापडेना म्हणून कपाळावर सुई लावली होती. रुख्मिणीबाईंनी दवाखान्याच्या दारातच नवस बोलला, की नातू घरी आला तर त्याला गंगेवर नेईन आणि माझ्या हातानं तिचं पाणी त्याच्या ओठाला लावीन. राजेश्रीला भीती वाटत होती. पण नवसाला नाही कशी म्हणणार? तिनंच फोनवर ही फेरी शोधून काढली. दाखवणारा माणूस माहीतगार असेल, स्वच्छ जागी नेईल, असा तिचा हिशोब होता.

हे ऐकून मला आतून आणखी हिरवं झाल्यासारखं वाटलं.

ती पोर फेरीत चालत नव्हती, पहारा देत होती. हरिओमच्या हाताला काय लागतंय, माशी कुठून आली, आजीनं त्याला काय चाटवलं, सगळीकडे तिचे डोळे. वळसा आला. आदिनाथ म्हणाला, “आता डावीकडे बघा.” सगळ्यांच्या माना डावीकडे वळल्या. राजेश्रीची एकटीची उजवीकडे वळली. तिनं नाला पाहिला, त्याचं तोंड कुठं उघडतंय ते पाहिलं आणि मग खाली घाटाची पायरी पाहिली. तिनं पदर ओढून पोराच्या तोंडावर घेतला.

घाटावर आदिनाथनं मला बुडवलं. दोघातिघांच्या हातावर तीर्थ पडलं. मग रुख्मिणीबाई पुढे आल्या. त्यांनी चप्पल काढली, नदीला हात जोडले आणि मला आदिनाथच्या हातातून घेतलं. त्यांनी बोट माझ्यात बुडवलं आणि नातवाकडे वळल्या. राजेश्री एक पायरी मागे सरली.

“आत्याबाई, नको.”

सुनेनं चारचौघांत सासूला अडवलेलं आमच्याकडे चांगलं दिसत नाही. रुख्मिणीबाईंचा चेहरा उतरला. त्या रागावल्या नाहीत, समजावायला लागल्या.

“आगं, एक थेंब लावायचाय. वाहत्या पाण्याला विटाळ नसतोय. मपल्या आजीनं मला लावलं, मी तुज्या नवऱ्याला लावलं. काय झालं का आमाला?”

आदिनाथनंही मध्ये तोंड घातलं. श्रद्धेचा प्रश्न आहे ताई, म्हणाला, थेंबानं काय होतंय.

राजेश्रीनं त्याच्याकडे पाहिलं. “मग तुमी घ्या की दादा आधी. तुमी सकाळपासून बाटलीतलंच प्यायलात.”

आदिनाथचा हात आपोआप शबनमवर गेला. कुणीतरी मागे हसलं. राजेश्री हसली नाही. ती सासूकडे वळली, आणि तिचा आवाज एकदम मऊ झाला.

“वाहत्या पाण्याला विटाळ नसतो, खरं हाय आत्याबाई. पण हे वाहायलंय का?”

सासूनं नवसासाठी आणलेल्या पूजेच्या ताटातलं झेंडूचं एक फूल तिनं उचललं आणि पाण्यावर ठेवलं.

मित्रांनो, खाली बंधारा आहे आणि वरच्या धरणातून पाणी सोडलेलं नव्हतं. फूल होतं तिथंच बसलं. लोक बघत राहिले. रुख्मिणीबाई तर अशा बघत होत्या जणू माहेरच्या माणसाची नाडी बघतायत. बऱ्याच वेळानं फूल हललं. त्या हसल्या, “बघ, चाललं.” पण फूल धारेला नव्हतं लागलं. उजवीकडून काळपट फेसाचा एक पट्टा येत होता, तो त्याला ढकलत होता. फूल वळलं, फेसात अडकलं आणि पायरीलाच येऊन चिकटलं. सगळ्यांचे डोळे त्या पट्ट्याच्या मागे मागे गेले, उजवीकडे, जिथं आजवर कुणाला बघू दिलं नव्हतं. तिथं नाला पडत होता. त्या अख्ख्या नदीत वाहत होतं ते तेवढंच.

ज्या गृहस्थांनी नुकतंच तीर्थ प्यायलं होतं ते बाजूला जाऊन थुंकायला लागले.

रुख्मिणीबाईंनी मला पायरीवर पालथं केलं. माझ्या तोंडातून जे पडलं ते मी तुम्हाला दाखवू इच्छित नाही. एक केसांचा गुंता होता एवढं सांगतो. त्यांनी आपलं बुडवलेलं बोट पाहिलं, मग नातवाच्या कपाळावरचा सुईचा डाग पाहिला. बोट त्यांनी दगडावर घासलं, पुन्हा पुन्हा घासलं, राजेश्रीनं हात धरेपर्यंत.

मग आदिनाथकडे वळून त्यांनी विचारलं, “बाळा, हितं वाळूत झरा निघंल का?”

आदिनाथ खाली मान घालून म्हणाला, “वाळू राहिली न्हाई आजी. सगळी उपसून नेली.”

राजेश्रीनं आपल्याजवळच्या उकळलेल्या पाण्यानं मला विसळलं. रुख्मिणीबाईंनी पदरानं आतून बाहेरून कोरडं केलं. मग त्यांनी माझा कोरडा काठ हरिओमच्या ओठाला लावला. पोरगं दोन नव्या दातांनी मला चावलं. त्यांनी नदीला हात जोडले आणि एखाद्या बहिणीशी बोलावं तसं म्हणाल्या, “गंगाबाई, मी आले व्हते. तूच थांबलीस. नवस माज्या अंगावर राहू दे. तू चालायला लागली की फेडीन.”

राजेश्रीनं पोराला दुसऱ्या कडेवर घेतलं आणि सासूला हाताला धरून पायऱ्या चढवल्या.

तेव्हापासून आदिनाथ मला पाण्यात बुडवत नाही. फेरी चालू आहे, पण माणसं कमी झाली. वळसा आला की तो थांबतो, त्याला ते जड जातं हे मला त्याच्या मुठीवरून कळतं, आणि मग म्हणतो, “आता उजवीकडे बघा.” काही जणांना राग येतो. सुट्टीच्या दिवशी हेच दाखवायला बोलावलं का, म्हणतात. येऊ दे राग. ज्याला किळस येते त्याला निदान नाक तरी आहे.

तुम्ही या गावाला कधी आलात तर मला हातात घ्या, पण मला घासत बसू नका. माझी चमक बघायची असेल तर ती घरीसुद्धा कुठल्याही भांड्यात दिसेल. माझ्यात काय भरणार आहात ते आधी बघा. देवाची फुलं पिशवीत बांधून पाण्यात टाकू नका, लेकरांची घाण नाल्यात टाकू नका, आणि कुणी डावीकडे बघा म्हणालं की एकदा उजवीकडे बघून घ्या.

परवा राजेश्रीचा आदिनाथला फोन आला होता. पाणी सोडलं का, असं विचारत होती. सासूबाई रोज विचारतात म्हणाली. हरिओम आता भिंतीला धरून उभा राहायला लागलाय. तो चालायला लागायच्या आत हे पाणी चालायला लागावं, एवढ्यासाठी मी कोरड्या तोंडानं वाट बघतो आहे.