लिंबावरची पाखरं

बांधावरचा कडुलिंब तोडला तेव्हा हरणाबाई लेकीच्या बाळंतपणाला भूमला गेली होती. परत आली तर नुसता बुंधा. पुतण्या कल्याणप्पानं आपल्या शेतात सोलर पंपाच्या पाट्या बसवल्या होत्या, आणि लिंबाची सावली त्यांच्यावर पडत होती, एवढाच त्या झाडाचा गुन्हा. बांध सामायिक होता. पण विधवा काकूला विचारतो कोण! याच लिंबाखाली, हरणाबाईच्या मांडीवर डोकं ठेवून, तिच्या नवऱ्यानं, धुळाप्पानं, डोळे मिटले होते.

ती रडली नाही. नागीण परवडली, पण हरणाबाईचा डूख नको, असं भावकी म्हणायची ते उगाच नाही. पाट्या बसवणारा आरिफ तारा जोडत होता, त्यालाच तिनं गाठलं.

"सावलीनं ह्या काचंला काय हुतंय रं बाबा?"

"लई हुतंय, चाची. सावली तर सोडाच, पाखराची घाण वाळून बसली तरी तेवढाच तुकडा तापतो. आतनं करपत जातो."

"आसं व्हय," म्हणून ती घरी आली. त्या दिवशी तिला दोन घास जास्तच गेले.

दुसऱ्या दिवसापासून ती बुंध्याजवळ ओंजळभर ज्वारी टाकू लागली. शेजारी पाण्याचं परळ ठेवलं. कुणी विचारलं तर म्हणायची, "धुळाप्पाच्या नावानं दाणापाणी." पुण्यकर्माला नको कोण म्हणणार? होले आले, साळुंक्या आल्या, कावळेही आले. दाणे टिपून झाले की झाडावर बसायची पाखरांची जुनी खोड. झाड नव्हतं, मग ती पाट्यांवर बसू लागली.

कल्याणप्पानं डबे बडवले, फटाके वाजवले. पाखरं उडायची आणि पुन्हा यायची. शेवटी चिडून त्यानं खुरपं घेतलं. जन्मभर तण काढलेला हात तो! घाणीबरोबर काचही खरवडली आणि एका पाटीला तडा गेला. वळवाच्या सरीचं पाणी त्या तड्यातून आत उतरलं. बाकीच्या पाट्यांवर तपकिरी डाग उमटले. भर उन्हाळ्यात पंप धापा टाकू लागला आणि द्राक्षाच्या बागेनं मान टाकली.

हरणाबाई रोज बांधावरून ती बाग बघायची. तिला दया आली म्हणावं तर ते खोटं होईल. तिच्या जिवाला गारवा वाटत होता.

आरिफ येऊन बघून गेला. "खुरपं मारल्याली पाटी कंपनी बदलून देत न्हाय, काका," एवढं बोलून त्यानं गाडीला किक मारली.

मग कल्याणप्पा आला, टोपी हातात घेऊन. "काकू, पाया पडतो. नव्या पाट्या आणतुया. दाणं तेवढं दुसरीकडं टाका."

"आन् पाखरं कुटं बसतील?"

"बसतील की एखाद्या झाडावर."

"कंच्या झाडावर?"

कल्याणप्पाची नजर बुंध्यावर गेली. "चुकलं माजं, काकू."

हेच ऐकण्यासाठी हरणाबाईनं एवढा खटाटोप केला होता. पण ऐकल्यावर ते तिला फार थोडं वाटलं.

"लिंबाचं रोप लाव, हितंच. पंपाचं पाणी न्हाय चालायचं, खांद्यावर घागर आणून घालायची. त्याच्या फांदीवर पाखरू बसलं, की म्या दाणं टाकायचं सोडीन."

"काकू, त्याला वर्सं लागतील!"

"लागू दे की. मला कुटं घाई हाय?" म्हणत तिनं पदरातली ज्वारी बांधावर फेकली.