मी बारवर टांगून घेणार नाही

मित्रांनो, मला शोभेची वस्तू समजू नका. मी उत्तर नेदरलँड्समधल्या एका विद्यापीठाच्या क्रीडा संघाची जुनी होडी आहे. शर्यतीची, लांबलचक, आणि अंगाने पापडाइतकी पातळ. ही पापडाची गोष्ट लक्षात ठेवा.

एका म्हाताऱ्या सुताराने मला देवदाराच्या फळ्यांतून घडवलं. तरुणपणी मी खूप शर्यती जिंकल्या. माझ्यात बसणाऱ्यांचे फोटो कँटीनमध्ये लागले. माझा एकही नाही. मग कार्बनच्या काळ्या होड्या आल्या आणि मी शेडमध्ये सर्वांत खाली गेले. माझ्या पोटात लोक सायकलचे पंप ठेवू लागले.

मला बाहेर काढलं शलाकाने. पुण्याहून शिकायला आलेली, अंगाने चिमुकली, आवाजाने दणदणीत. म्हणून सुकाणू तिच्या हाती. वल्हवणाऱ्या चौघांत सौमित्र तेवढा मराठी. खंडेनवमीला दोघांनी मला हळदकुंकू वाहिलं, बाल्कनीतल्या झेंडूचा हार घातला. तेवढ्यावर थांबायचं की नाही?

"अगं, नारळ राहिला. पण या देशात एक दगड मिळेल तर शपथ!"

"मग हिच्या नाकावरच फोड. हळूच हं."

नारळ फुटला नाही. मी फुटले.

कोच विमने चीर पाहिली, प्रसादाचा पेढा शांतपणे खाल्ला आणि म्हणाला, "लाकूड सुंदर आहे. कापून कँटीनच्या बारवर टांगू."

"आम्ही चीर बुजवतो. शर्यत पुरी करून दाखवतो," शलाका म्हणाली.

"बुजवा. पण तिच्यातून थेंबभर पाणी आत आलं, तर करवत."

ज्या नाकाने मी आयुष्यभर पाणी कापलं, ते बिअरच्या ग्लासांवर? मुळीच नाही!

शर्यतीच्या दिवशी वारा असा, की बगळेसुद्धा चालत जात होते. लाटा अंगावरून आत येत होत्या. दोन कार्बनच्या होड्या मागे फिरल्या. "ओढा रे! जेवला नाहीत का?" शलाका ओरडत होती. तिघांना शब्द कळत नव्हते, पण झोंबत सगळ्यांना होते. आम्ही शेवटून पहिले आलो. पण आलो.

विमने आत बोट बुडवलं. "पाणी."

"ते वरून आलंय!"

पोरं नेहमीप्रमाणे मला उचलून उलटी करणार, तोच शलाका किंचाळली, "थांबा! ओतू नका. नाक खाली करा." सगळं पाणी चिरेपाशी जमलं. तिने माझं नाक बाहेरून कोरडं पुसलं. "विम, आता खाली हात धर. आत यायला वाट असेल, तर बाहेरही पडेल."

विमने हात धरला. बराच वेळ धरला. मग तळहात पाहिला. कोरडा.

"आता बारवर काय टांगू?" तो कुरकुरला.

"नारळ टांग," सौमित्र म्हणाला. "तो अजून अख्खा आहे."

तर मित्रांनो, आमची पूजा वर्षातून एकदा केलीत तरी पुरे; पाण्यातून काढल्यावर कोरडं मात्र रोज करा. जुन्याला भिंतीवर चढवण्याआधी एकदा पाण्यात घालून बघा. नारळ बारवर लटकतो आहे. मी उद्या सकाळी पाण्यात आहे.