लायल ट्रेडवेचं बोट

आमच्या किकरची, बोडनारची, ती किक खांबांमधून गेली असती, तर लायल ट्रेडवेचा काय फायदा होता, ते आधी सांगतो. टीम वाचणार होती. टीम वाचली की आमचा पहिला क्वार्टरबॅक, म्हणजे डाव चालवणारा मुख्य खेळाडू, मोठ्या लीगमध्ये जाणार होता आणि सबंध हंगाम बाक गरम करणाऱ्या लायलला त्याची जागा मिळणार होती. तीही स्वतःच्या टोलेडोत, स्वतःच्या आईच्या डोळ्यांसमोर. बदल्यात त्याने करायचं काय? गुडघा टेकायचा, मी दोन पायांमधून मागे फेकलेला चेंडू झेलून जमिनीवर उभा करायचा, त्याच्या टोकावर बोट ठेवायचं आणि दुसऱ्याला मारू द्यायचा. सौदा स्वस्त होता. फक्त त्या ‘दुसऱ्याला’वर लायलचा घास अडकत होता.

चौऱ्याहत्तर सालची गोष्ट. अमेरिकन फुटबॉलच्या नव्या लीगमधली आमची टीम, टोलेडो टॉर्चेस, एकच हंगाम टिकली. लोकांनी घेतलेल्या टोप्यांचा रंग उडायच्या आत टीम उडाली. पण त्या एका हंगामात गावाने साबोल्च बोडनारला डोक्यावर घेतलं. हा हंगेरीचा पोरगा, आला तेव्हा त्याला इंग्रजीची चार वाक्यं येत होती, त्यातली दोन जेवणाबद्दल. चेंडूकडे तिरका धावत यायचा आणि पायाच्या आतल्या बाजूने असा मारायचा की तो खांबांच्या मधूनच जायचा. गावातल्या ईस्ट साइड वस्तीतल्या हंगेरियन बायका त्याच्यासाठी डबे घेऊन सरावाला यायच्या. नाव कोणाला उच्चारता येईना, म्हणून सगळं गाव त्याला ‘सबू’ म्हणू लागलं.

सबूचं एक पोस्टर निघालं. पाय कपाळाच्या वर गेलेला, केस उडालेले, मागे दिवे. खाली कोपऱ्यात चेंडूवर टेकलेलं एक बोट आणि त्यातली अंगठी. बस, तिथे चित्र कापलेलं. ते बोट लायलचं. मी त्या चित्रात नव्हतोच. मी सेंटर; चेंडू मागे दिला की माझ्या अंगावर दोन माणसं पडायची आणि मी चिखलात असायचो. मला त्याचं काही वाटलं नाही. सेंटरच्या आईलासुद्धा सेंटरचा फोटो अपेक्षित नसतो. लायल मात्र शाळेत असल्यापासून या गावाचा लाडका. त्याला बोटापुरतं उरणं सोसेना.

त्यात ते पोस्टर त्याच्या आईनेच फ्रिजवर लावलं.

शेवटच्या सामन्याच्या आधीच्या रविवारी मार्ज ट्रेडवेबाईंनी आम्हा तिघांना जेवायला बोलावलं. सबूला टेबलाच्या टोकाशी बसवलं, जिथे लायलचे वडील बसायचे. लायल माझ्या शेजारी, फ्रिजकडे तोंड करून.

“सबू, तू काहीच घेतलं नाहीस रे,” बाई म्हणाल्या. मांसाचा सगळ्यात चांगला तुकडा त्याच्या ताटात गेला.

“मार्ज नेनी, पोट फुटेल,” सबू म्हणाला. त्यांच्याकडे मावशीला नेनी म्हणतात. बाई ते ऐकून लाजल्या.

“आई, मीसुद्धा खेळतो त्या टीममध्ये,” लायल म्हणाला.

“हो रे बाबा, माहीत आहे. हे रश्श्याचं भांडं धर जरा. धरण्यात तुझा हात कोण धरणार?”

बाई थट्टेने म्हणाल्या. मी हसलो, सबूला कळलं नाही म्हणून तोही हसला. लायलने भांडं धरलं, आणि सबूचं वाढून होईपर्यंत धरून राहिला. भांडं गरम होतं.

बाहेर पडताना तो मला म्हणाला, “ऑगी, खरं सांग. मी चेंडू नीट उभा केला नाही, तर हा लेकाचा काय करेल?”

“पडेल तोंडावर,” मी म्हणालो. “आणि टीमसुद्धा पडेल. क्विम्बी काय म्हणालाय, ऐकलंस ना?”

क्विम्बी हा गावातला मोटारींचा मोठा विक्रेता. आमच्या मालकाचे चेक परत येऊ लागले होते. क्विम्बीने सगळ्यांसमोर सांगितलं होतं, “बुधवारी जिंकलात आणि बाद फेरीत गेलात, तर टीम मी घेतो. हरलेली टीम घेऊन मी काय करू? गाडी तरी ढकलता येते.”

“ऐकलंय,” लायल म्हणाला. “सगळं सबूच्या पायावर, नाही का?”

“तुझ्या बोटावरसुद्धा.”

“बोटाला कोण विचारतं, लेका!”

बुधवारी तेच झालं. आम्ही दोन गुणांनी मागे. घड्याळात एका डावाचा वेळ. चेंडू गोलरेषेपासून चार यार्डांवर. किकचे तीन गुण मिळाले की जिंकलो. एवढ्या जवळून सबू झोपेतही मारायचा. लोक आधीच उभे राहिले. मार्जबाई पहिल्या रांगेत, गळ्यात त्यांनीच विणलेला मफलर, तसलाच दुसरा सबूला दिलेला. क्विम्बी बाजूच्या रेषेपाशी हात चोळत उभा.

सेंटरला जग उलटं दिसतं. मी वाकून पायांमधून मागे पाहिलं. गुडघा टेकलेला लायल दिसला, त्याच्यामागे सबू. धरणाऱ्याची नजर चेंडू ठेवायच्या जागेवर हवी. लायल माझ्या पाठीवरून पलीकडे, गोलरेषेकडे पाहत होता. चेंडू घेऊन ती ओलांडली, तरी सामना जिंकता येतो. मला तेव्हाच कळायला हवं होतं. मी चेंडू टाकला. सबंध हंगामातला माझा सर्वांत चांगला चेंडू, सरळ त्याच्या ओंजळीत.

मग माणसं अंगावर पडली आणि मला फक्त आवाज आला. जल्लोष नव्हता. पंधरा हजार माणसांनी एकदम श्वास आत घेतल्याचा आवाज.

लायलने चेंडू जमिनीवर ठेवलाच नव्हता. तो काखेत घालून उठला आणि स्वतःच पळत सुटला. सबूचा पाय रिकाम्या हवेत गेला आणि सबू पाठीवर आदळला. लायल कोपऱ्याकडे धावला, एकाला चकवलं, दुसऱ्याला खांदा दिला. त्याला पकडून आडवा पाडला तेव्हा गोलरेषा हातभर लांब होती. वेळ संपली होती.

क्विम्बी गाडीत बसला आणि त्याने काच वर केली. मार्जबाई कठड्यावरून ओरडत होत्या, “सबू! लागलं का रे? सबू!”

लायल चिखलातून उठला. प्रशिक्षक धावत आले. “हे काय केलंस?”

“मी काय करणार?” लायल म्हणाला. “चेंडू फार खाली आला. ठेवता येईना, म्हणून पळालो.” आणि अंगठीवालं ते बोट त्याने माझ्याकडे केलं.

वार्ताहरांनी सबूला विचारलं. बिचारा खरं तेच बोलला, “मी चेंडू बघत नाही. मी बघतो लायलचं बोट. आज बोट नव्हतं.” पेपरवाल्यांना ते गमतीचं वाटलं. छापलं मात्र माझ्याबद्दल, की मी चेंडू वाईट टाकला.

आठवड्याभरात टीम गुंडाळली. सबूला मोठ्या लीगने उचललं. मार्जबाई दर रविवारी टीव्हीपुढे तोच मफलर घालून बसायच्या. मी काचेच्या कारखान्यात परत गेलो. तिथे कोणाच्या हातून काही फुटलं की सगळे एका सुरात ओरडतात, “ऑगीने टाकलं!”

लायल क्विम्बीकडे गाड्या विकतो. काही वर्षांनी मी तिथे गाडी घ्यायला गेलो. त्याच्या टेबलामागे त्या दिवसाचा पेपर चौकटीत लावलाय: चिखलात पालथा पडलेला लायल, डोक्यापासून बुटांपर्यंत पुरा. मागे कोपऱ्यात उताण्या पडलेल्याचा एक पाय, तेवढाच सबू.

“गिऱ्हाईकं विचारतात याबद्दल?” मी म्हणालो.

“रोज.”

“मग काय सांगतोस?”

लायलने गाडीचे कागद पुढे ओढले. मग त्याने मी न मागता किमतीवर काट मारली आणि खाली दोनशे डॉलर कमी करून नवा आकडा लिहिला. त्या आकड्याखाली त्याने बोट टेकवलं, सबूसाठी चेंडू धरायचा तसं.

मी सही केली. गावाची टीम गेली, क्विम्बीची हौस गेली, लायलची जागा गेली, माझं नाव गेलं. त्यातले दोनशे डॉलर परत आले. गाडीतल्या पायाखालच्या चटयांचे मात्र त्याने वेगळे लावले.