दोष यादीत नाही, खुर्चीत आहे

मी एक जुनी खुर्ची आहे, असे मला सांगण्यात आले आहे. मित्रांनो, माझी स्वतःची खात्री नाही. माझी पाठ सात वर्षांची आहे, उजवा हात चार वर्षांचा आहे, मागचा डावा पाय मार्चपासूनचा आहे आणि बैठकीची चौकट गेल्याच महिन्यात नव्या मशीनमधून कापून आली. कुणी माझे वय विचारले तर मला आधी विचारावे लागते, कुठल्या भागाचे?

माझा जन्म एका फर्निचरच्या कारखान्यात झाला. इतर खुर्च्या तयार झाल्या, पुठ्ठ्यात बांधल्या गेल्या आणि जगात गेल्या. मला मात्र जिना चढवून प्रशिक्षण कक्षात नेले. तिथे माझ्या गळ्यात एक पाटी अडकवली. पाटीवर लिहिले होते, ‘बसू नये’. खुर्चीच्या गळ्यात अशी पाटी अडकवल्यावर तिने आयुष्यात नेमके काय करायचे, हे मला कुणीच सांगितले नाही.

हळूहळू कळले. माझे काम बिघडलेले असणे, हे होते.

त्याचे झाले असे. काही वर्षे मी तिथे नुसतीच उभी होते; यंदा कारखान्यात नवी मशीन आली. ती लाकूड स्वतः मोजायची, स्वतः कापायची आणि कापून झाल्यावर शिट्टी वाजवायची. त्यामुळे हाताने काम करणाऱ्या सुतारांना ‘तपासनीस’ व्हायला सांगितले. तपासनीस काही बनवत नाही. तो फक्त बघतो आणि दोष कुठे आहे ते टॅबवरच्या चित्रावर दाबून दाखवतो. हे शिकवायला दोष असलेली खुर्ची लागते. म्हणून माझ्यात मोजून चार दोष घालण्यात आले. मागचा डावा पाय अर्धा सूत आखूड, म्हणजे जेमतेम नखाच्या जाडीएवढा. बैठकीचा एक स्क्रू ढिला. पाठीची आडवी पट्टी उलटी. आणि उजव्या हाताखाली पॉलिशने झाकलेली चीर. चारही सापडले तर पास. तीन संधी. तिन्ही हुकल्या तर महिनाअखेरीस गेटच्या बाहेर.

शिकवणाऱ्या बाईंना सगळे मॅडम म्हणायचे. त्या तिशीच्या होत्या. कुठल्या खुर्चीत कुठला दोष आहे याची यादी त्यांच्याकडे असायची आणि ती यादी त्या कुलपात ठेवायच्या. त्यांच्या वर्गात सातव्या क्रमांकावर कारखान्यातले सगळ्यात जुने मिस्त्री होते. वय पंचावन्न, कानावर पेन्सिल. हे मिस्त्री मॅडमचे वडील होते. वर्गात मात्र तसे काही नव्हते.

“मॅडम,” परीक्षेच्या आधी मिस्त्रींनी हात वर केला, “घरी जाताना दूध घ्यायचंय का?”

“उमेदवार सात, परीक्षेत बोलू नका,” मॅडम म्हणाल्या. मग कागदांत बघत हळूच म्हणाल्या, “अर्धा लिटर.”

पहिल्या परीक्षेत मिस्त्रींना माझ्याबरोबर पंधरा मिनिटे एकटे सोडले. ते माझ्याभोवती एक फेरी मारून आले. त्यांनी माझ्या पाठीवर हात ठेवून मला हलवले. मी डुगडुगले. त्यांनी “अरेरे” म्हटले आणि खिशात हात घातला.

पंधरा मिनिटांनी मॅडम आत आल्या तेव्हा मी सरळ उभी होते. पायाखाली लाकडाची इतकी पातळ चकती चिकटवलेली होती की मलाच ती माझी वाटत होती. स्क्रू घट्ट, पट्टी सुलटी, चीर भुसा आणि सरस भरून बुजवलेली. टॅब कोरा होता.

“दोष कुठे आहेत?” मॅडमनी विचारले.

“होते.”

“मग गेले कुठे?”

“काढले.”

“काढायचे नव्हते! दाखवायचे होते!”

“अगं, म्हणजे मॅडम,” मिस्त्री खरोखर गोंधळले, “दिसल्यावर तसेच ठेवायचे?”

गुण शून्य. त्यांच्या मागोमाग कारखान्यातले पॉलिशवाले दुसऱ्या खुर्चीवर परीक्षा देऊन बाहेर आले. त्यांना चारपैकी चार मिळाले, तेही सहा मिनिटांत.

“तुम्हाला कसं काय जमलं?” मिस्त्रींनी विचारले.

“वीस वर्षं हेच दोष मी झाकत होतो,” पॉलिशवाले म्हणाले. “आता तेच दाखवायचे. पत्ते पाठ आहेत.”

मला पुन्हा बिघडवायला मॅडमना तीन दिवस लागले. मिस्त्रींचे काम निघेचना. शेवटी पाय करवतीने कापला, उजवा हात दुसऱ्या खुर्चीचा आणला आणि बैठकीची चौकट नवीच बसवली. मित्रांनो, दुरुस्त झाल्याबद्दल मला इतका त्रास होईल असे वाटले नव्हते.

दुसऱ्या वेळी मॅडमनी दारातच झडती घेतली. खिशातून घडीची पट्टी, पॉलिश पेपरचे तुकडे, दोन खिळे, एक पटाशी आणि दुसरी, लहान पटाशी निघाली.

“ही कशाला?”

“ती मोठीच्या सोबतीला.”

मिस्त्री रिकाम्या हाताने आत आले. तीन दोष त्यांनी व्यवस्थित दाबले. चौथा आठवत असताना, म्हणजे नुसते आठवत असताना, त्यांनी कानावरची पेन्सिल काढली, तिची ढलपी दातांनी सोलली आणि माझ्या आखूड पायाखाली पाचर म्हणून सारली. मग मला हलवून पाहिले. मी डुगडुगले नाही. “पाय बरोबर आहे,” असे स्वतःशी म्हणून त्यांनी टॅब बंद केला.

चारपैकी तीन. नापास.

त्या दिवशी वर्ग सुटल्यावर माझ्यासमोर बसून मॅडमनी एक कागद नीट वाचला. तिसऱ्यांदा नापास होणाऱ्याला घरी पाठवण्याचा तो कागद होता आणि खाली सही त्यांचीच लागणार होती. त्यांनी पेनाचे टोपण काढले, लावले, काढले, लावले. मी मदत करू शकत नव्हते. मी खुर्ची आहे, आणि तीही बसू नये अशी.

तिसऱ्या परीक्षेला मिस्त्री हात पाठीमागे बांधून आले. थोड्या वेळाने हात पुढे आले. त्यांनी ते परत मागे नेले. ते पुन्हा आले. मॅडम दारात उभ्या राहून हे बघत होत्या. शेवटी मिस्त्रींनी माझ्या गळ्यातली पाटी काढून खाली ठेवली, दोन्ही तळहात मांड्यांखाली घेतले आणि ते माझ्यावर बसले.

मित्रांनो, माझ्यावर कुणीतरी बसले! सात वर्षांत, किंवा चार, किंवा मार्चपासून पहिल्यांदाच. माझ्या सगळ्या वयांना ते एकदमच कळले. अगदी खरे सांगायचे तर वजन फार होते.

मिस्त्रींनी डोळे मिटले. डावीकडे झुकले, उजवीकडे झुकले, मागे रेलले. मग समोरच्या टेबलावरच्या टॅबवर वाकून त्यांनी नाकाने मागचा डावा पाय दाबला. मग नाकाने स्क्रू. मग पट्टी. मग चीर.

मॅडमनी नियमांची वही उघडली आणि बराच वेळ चाळली. “बोटानेच दाबावं असं कुठे लिहिलेलं नाही,” त्या म्हणाल्या. त्यांनी वही मिटली. “झालं? उठा आता.”

“थांबा, मॅडम. अजून एक आहे.”

“बाबा, चारच असतात!”

मिस्त्रींनी नाकाने पाचव्यांदा दाबले, बैठकीच्या चौकटीवर. टॅब लाल झाला. चुकीच्या उत्तराला एक बरोबर उत्तर वजा व्हायचे. चाराचे तीन झाले.

“तो दोष यादीत नाही,” मॅडम पुटपुटल्या.

“यादीत नसेल. खुर्चीत आहे. चौकटीची मागची खाच तिरकी कापली आहे. आज कळणार नाही. सहा महिने कुणी बसलं की पाठ सुटेल.”

मॅडमनी मिस्त्रींना उठवून मला उलटे केले, काटकोन तपासायचा गुण्या लावला आणि डोळा बारीक केला. मग मला तशीच उलटी ठेवून त्या जिना उतरून गेल्या. खाली एका शाळेसाठी तीनशे खुर्च्या बांधून तयार होत्या, सगळ्यांच्या चौकटी त्याच मशीनच्या. पुठ्ठा फाडल्याचा आवाज आला. मग अजून एक. मग पुष्कळ. त्यानंतर कारखान्यात मी कधी न ऐकलेली शांतता पसरली, कारण मशीन बंद झाली होती.

मॅडम वर आल्या तेव्हा त्यांच्या केसांत पुठ्ठ्याचे कपटे होते. त्यांनी शेऱ्याच्या रकान्यात लिहिले, ‘उमेदवार पास. यादी नापास.’ खाली सही केली.

“उठू का?” मिस्त्रींनी विचारले. ते कोपऱ्यातल्या स्टुलावर बसले होते, पण हात अजून मांड्यांखालीच होते.

आता मिस्त्री तपासनीस आहेत. माझ्यात पाच दोष निघाले आणि त्यातला एक माझा स्वतःचा, म्हणून मी शिकवण्यासाठी भरवशाची उरले नाही. मला त्यांच्या केबिनमध्ये पाठवले. आता तरी माझे काम बसू देणे असेल, असे मला वाटले. पण पहिल्याच दिवशी जेवणाच्या सुट्टीत मॅडम आल्या. हातात पटाशी होती, आणि ती उलटी धरलेली होती.

“बाबा,” त्या म्हणाल्या, “मी आजवर खुर्च्यांत फक्त दोष घातलेत. एक तरी खाच नीट कापायला शिकवा.”

मिस्त्रींनी पटाशी सुलटी करून दिली. त्यांनी माझा एक पाय काढून घेतला आणि मॅडमनी कापायला सुरुवात केली. पटाशी घसरली. मोठा टवका उडाला.

“चुकलं ना?”

“चुकलं. कुठे ते दाखवतो.”

“मग नीट करून द्या ना.”

मिस्त्रींचा हात अर्ध्यापर्यंत आला. मी पाहिला. तो तिथेच थांबला आणि त्याने फक्त बोट केले. “इथे जोर जास्त झाला. कर परत.”

मित्रांनो, तुमच्या घरची खुर्ची डुगडुगत असेल तर तिच्या पायाखाली कागदाची घडी सारून पुढे जाऊ नका. तिला उलटी करा, बघा, तिचे काय म्हणणे आहे ते समजून घ्या. आणि तुमच्यासमोर कुणी शिकताना चुकत असेल तर लगेच त्याच्या हातातून काम काढून घेऊ नका. हे फार अवघड असते. पंचावन्न वर्षांच्या माणसालाही त्यासाठी परीक्षा द्यावी लागते.

मी आता बिघडलेली आहे की दुरुस्त होत आहे, हे मला सांगता येणार नाही. मी भिंतीला टेकून तीन पायांवर उभी आहे. चौथा टेबलावर आहे. त्यातली अर्धी खाच वाकडी आहे, पण काल ती पूर्ण वाकडी होती.