केसरआजीच्या बांगड्या

मी एक माईक बोलतोय. दुसऱ्यांचं बोलणं पोचवण्यात जन्म गेला, आज स्वतःचं सांगतो. मी करंगळीच्या पेराएवढा, चिमट्याने कॉलरला अडकणारा. कुठल्या कारखान्यात जन्मलो ते आठवत नाही. कळायला लागलं तेव्हा सलिलच्या पेटीत होतो.

सलिल माहितीपटांसाठी आवाज टिपतो. माणूस भला, पण कानाचा हट्टी. पंखा बंद करा, फ्रीज बंद करा, कोंबड्या हाकला. युद्धावरच्या माहितीपटासाठी मी आधी निवृत्त साहेबांच्या कोटांवर बसलो. त्यांना तारखा पाठ असत. आवाज स्वच्छ, सलिल खूश.

मग आम्ही मुरुडजवळच्या एका खेड्यात केसरआजीकडे गेलो. एकाहत्तरच्या लढाईत तिचा नवरा धर्मा बेपत्ता झाला. लग्नाला चार महिने झाले होते. तशी तार आली, पण मेल्याची खबर कधी आली नाही. तेव्हापासून ती हिरव्या बांगड्या भरून वाट बघते आहे.

मला तिच्या पदराला लावलं. "ह्यो शिनेमा पलीकडच्या देशात दावतील ना?" तिने आधी विचारलं. दिग्दर्शिका क्षिप्रा म्हणाली, "दाखवतील, आजी." मग आजी हात हलवत, हसत बोलू लागली.

"मी विहिरीवरनं येताना त्यांना बांगड्यांवरनंच कळायचं. न बघता म्हणायचे, आलीस व्हय?"

बांगड्या आताही वाजत होत्या. सलिलच्या कपाळावर आठी चढली. त्याने हेडफोन काढला. "आजी, बांगड्या काढून ठेवता का जरा?"

रीत त्याला ठाऊक नव्हती असं नाही. कामाला बसला की त्याला दुसरं काही सुचत नाही.

आजीचे हलणारे हात थांबले. तिच्या छातीची धडधड फक्त मी ऐकत होतो.

"त्यांचं काय समजलं काय?" तिने हळूच विचारलं. "तेच सांगाया आलाव तुमी?"

क्षिप्रा उठून तिच्याजवळ गेली. "नाही हो आजी, काही कळलेलं नाही. चुकलं आमचं." सलिलने मान खाली घातली. पण तोंडातून गेलेला शब्द परत येत नाही. पुढे आजी दोन्ही मनगटं घट्ट धरून बसली आणि विचारलं तेवढंच बोलली.

म्हणून माहितीपटात आधीचंच बोलणं घेतलं. सलिलने संगणकावर त्यातली किणकिण पुसून टाकली.

तयार झाल्यावर दोघं आजीला लॅपटॉपवर दाखवायला आले. मी सलिलच्या खिशात होतो. पडद्यावर आजीचे हात हलत होते, बांगड्यांचा आवाज नव्हता. आजीने आपला हात कानाशी नेऊन हलवून पाहिला.

"माज्या तर वाजतात," ती म्हणाली. "मग आता ते वळखतील कशावरनं?"

मला फार वाईट वाटलं. तो आवाज मीच तर टिपला होता.

खाऱ्या हवेने माझी तार गंजली आहे. सलिल नवा माईक घेणार आहे. जाता जाता त्याला एकच मागणं आहे. बांगड्यांसकटची मूळ नोंद तुझ्याकडे अजून आहे. आजीने सत्तरी ओलांडली. ती आहे तोवर तेवढा आवाज परत घाल, बाबा.